गादीखालची सुरी

प्रणिताच्या घरी टोमॅटो चिरला जात नसे, दाबला जाई. सिंगापूरच्या सेंगकांग भागातल्या, चौदाव्या मजल्यावरच्या त्या फ्लॅटमध्ये तीन सुऱ्या होत्या, तिन्ही बोथट होत्या, आणि तिनं त्या मुद्दाम तशाच ठेवल्या होत्या. किमया साडेतीन वर्षांची. तिला ड्रॉवर उघडता येत, स्टूल ओढता येई, आणि "हात लावू नको" म्हटलं की हात आधी तिथंच जाई. म्हणून खिडक्यांना जाळ्या, ड्रॉवरना कुलपं, टेबलाच्या कोपऱ्यांना रबर आणि सुऱ्यांना धार नाही, असा त्या घराचा कारभार होता.

नवरा, धवल, जहाजावर सेकंड इंजिनिअर. चार महिने समुद्रावर, दोन महिने घरी. गेल्या सुट्टीत तो हौसेनं भेंडी चिरायला बसला आणि पाचव्या भेंडीला त्यानं सुरी खाली ठेवली.

"ही सुरी आहे का पट्टी? इंजिनरूममधला माझा पाना याच्यापेक्षा बरा कापेल."

"तुझ्या पान्याशी खेळायला साडेतीन वर्षांची पोरगी नसते," ती म्हणाली.

पण त्यानं ते डोक्यात ठेवलं. तिच्या तिसाव्या वाढदिवसाला त्यानं जहाजावरून एक बुकिंग पाठवलं. जपानी पद्धतीनं सुरीला धार लावायला शिका, तीन तास, स्वतःच्या हातानं. पर्यटकांसाठीच्या एका साइटवरचं होतं.

"अरे, हे टुरिस्ट लोकांचं असतं," ती फोनवर म्हणाली.

"मग? पाच वर्षं झाली तिथं राहून, एकदा टुरिस्ट हो की. मंगळवारी सकाळी आहे. किमया शाळेतून यायच्या आत तू घरी."

सोबत घरातली एक जुनी सुरी आणा, असं त्या ईमेलमध्ये लिहिलं होतं. दातेरी नको, साध्या पोलादाची हवी. स्वयंपाकघरातल्या तिन्ही सुऱ्या दातेरी निघाल्या. मग प्रणिताला ती चौथी आठवली.

ती सुरी सासूबाईंनी आणली होती. मीनाक्षीताईंना, म्हणजे धवलच्या आईला, किमया झाली त्याच दिवशी इथं पोचता आलं. अंघोळ करून त्यांनी बॅगेतून जुन्या पांढऱ्या धोतराच्या फडक्यात गुंडाळलेली सुरी काढली आणि पाळण्यातल्या गादीखाली सरकवली. गावच्या लोहारानं घडवलेली, काळपट, लाकडी मुठीची. बाळाजवळ सव्वा महिना लोखंड ठेवायचं, मग काढायचं, एवढंच त्यांनी सांगितलं. प्रणिता मायक्रोबायॉलॉजीची एम.एस्सी.; पुण्यात दोन वर्षं औषधांच्या लॅबमध्ये नमुने तपासले होते. तिचा असल्या गोष्टींवर विश्वास नव्हता, पण बाळंतिणीनं सासूशी वाद घालू नये एवढा व्यवहार तिला कळत होता.

घोळ तारखांचा झाला. सव्वा महिना म्हणजे अडतीस दिवस आणि सासूबाईंचा व्हिजिट पास तीस दिवसांचा. तो वाढवायचा अर्ज धवलनं करायचा होता, तो विसरला. तिसाव्या दिवशी सासूबाई विमानतळावर डोळे पुसत म्हणाल्या, "सुरी राहू दे तशीच. मी आले की काढीन." नंतर त्यांचे गुडघे, मग सासऱ्यांची बायपास; त्यांचं येणं झालंच नाही. सुट्टीत हे तिघंच भारतात जात राहिले. पाळणा गेला, छोटा पलंग आला. तेव्हा प्रणितानं ती सुरी फडक्यासकट गादीखालच्या लाकडी फळीला खालच्या बाजूनं टेपनं चिकटवून टाकली. विश्वास नव्हता, आणि फेकून द्यायची हिंमतही नव्हती. पुढं ती विसरलीच.

मंगळवारी किमयाला शाळेत सोडून तिनं टेप उचकटली आणि फडक्यातली सुरी पर्समध्ये टाकली.

जवळच्या हौगांगमध्ये भांड्यांच्या एका दुकानाच्या वर, पहिल्या मजल्यावर एक लांबट खोली होती. पाण्यानं भरलेल्या बादल्यांमध्ये धारेचे दगड भिजत पडले होते आणि त्यांतून बारीक बुडबुडे निघत होते. खोलीला ओल्या मातीचा वास होता. गणपतीच्या आधी शाडूच्या कारखान्यात येतो तसा. शिकवणारे हमादा-सान सत्तरीचे, बारीक, तोंडात एक पेन्सिल धरून बोलणारे. शिकणारे तिघंच, सुट्टीवर आलेलं एक ऑस्ट्रेलियन जोडपं आणि प्रणिता.

हमादा आधी सुऱ्या वाचत. धार उजेडात धरून, नखावर हलकेच फिरवून ते सुरीचा मालक कसा आहे ते सांगत. ऑस्ट्रेलियन माणसाची सुरी पाहून ते म्हणाले, "तुम्ही पिझ्झा चिनी मातीच्या ताटातच कापता." बायको इतकी हसली की तिला बसावं लागलं. "आणि भांडी घासताना सुरी सिंकमध्ये फेकता. तुम्ही नाही, या." मग नवरा हसला.

प्रणिताची सुरी त्यांनी बराच वेळ हातात धरली. पेन्सिल तोंडातून काढून ठेवली.

"कोण वापरतं?"

"कोणीच नाही. तीन वर्षं नुसती ठेवून दिलीये."

"नाही," ते अगदी साधेपणानं म्हणाले, दुकानदारानं माप सांगावं तसं. "ही रोज वापरात आहे."

त्यांनी तिला खिडकीशी नेऊन दाखवलं. पात्याचा बाकीचा भाग काळा होता, पण धारेवर टोकाच्या बाजूला बारीक बारीक खाचा होत्या, आणि त्या चकचकीत होत्या. सिंगापूरच्या हवेत साध्या पोलादावरची उघडी खाच आठवड्यात गंजते, ते म्हणाले. इथं गंज नाही. म्हणजे खाचा ताज्या आहेत.

"भाजी चिरून अशी झीज होत नाही. भाजीची सुरी चिरायच्या पाटावर आपटून चपटी होते. ही पाटाला लागलेलीच नाही. कोळ्यांच्या सुऱ्या अशा झिजतात. जाळं अडकलं की दोरी कापावी लागते ना, ताणलेली? एका बाजूनं कोणीतरी ओढत असतं, तेव्हा."

प्रणिता लॅबमध्ये असायची तशी विचार करू लागली. सासूबाईंनी पूर्वी वापरली असेल. फडक्यात हवा लागली नसेल, म्हणून गंज नाही. तिनं पर्समधून फडकं काढून पाहिलं. धोतराचं जुनं, विरलेलं कापड, नखानं फाटेल असं. त्याचा एक दोरासुद्धा कापलेला नव्हता.

मग शिकणं सुरू झालं आणि ती ते विसरली. हात गुंतले की डोकं शांत होतं. आधी धारेला मार्करची शाई लावायची. दगडावर पातं घासलं की शाई कुठं गेली, कुठं राहिली ते बघायचं. जिथं गेली तिथं सुरी लागतेय. पातं फार उभं नको, फार आडवं नको. दगडावर साचलेला राखाडी चिखल धुवायचा नाही, धार तोच लावतो. एक बाजू पुरेशी घासली गेली की दुसऱ्या बाजूला बोटाला खरखरीत कड लागते, मग सुरी उलटायची. "डोळ्यांपेक्षा कानावर विश्वास ठेवा," हमादा म्हणत. कोन बरोबर असला की आवाज एकसारखा येतो.

तीन तासांनी तिनं वर्तमानपत्राचा कागद हवेत धरून सुरी खाली ओढली, आणि कागदाचे दोन भाग झाल्याचं तिला हातात कळलंसुद्धा नाही. ऑस्ट्रेलियन बाईनं टाळ्या वाजवल्या. कित्येक महिन्यांनी प्रणिताला स्वतःचं कौतुक वाटलं.

इतकी धारदार सुरी पोरीच्या पलंगाखाली ठेवणं शक्यच नव्हतं. तिनं ती पुठ्ठ्याच्या म्यानात घालून स्वयंपाकघरातल्या सगळ्यात वरच्या कपाटात ठेवली.

किमया साडेबाराला शाळेतून येई, जेवे आणि पावणेदोनच्या सुमाराला झोपे, ते साडेतीनपर्यंत. त्या दिवशी उठवायला गेल्यावर प्रणिताला ती उशीवर दिसली नाही. ती पलंगाच्या मध्यावर होती, सरळ, उताणी. मुलं लोळतातच.

बुधवारी ती पायथ्याशी होती. पाय गुडघ्यांपर्यंत पलंगाबाहेर लोंबत होते आणि ती गाढ झोपली होती. प्रणितानं तिला उचललं आणि चादरीकडं बघत राहिली. लोळणाऱ्या पोराची चादर चोळामोळा होते. ही चादर उशीपासून पायथ्यापर्यंत एकाच दिशेनं सुरकुतली होती, सामान ओढून नेल्यासारखी. डाव्या घोट्याभोवती एक बारीक लाल रेघ होती. मोज्याच्या इलॅस्टिकची असते तशी. मोजे तिनं घातले नव्हते.

"दुखतंय का गं इथं?"

"नो लाह," किमया शाळेतल्या सिंगापुरी इंग्रजीत म्हणाली. "मम्मा, बिस्किट."

संध्याकाळी तिनं धवलला सांगितलं. जहाज ब्राझीलच्या वाटेवर होतं, आवाज तुटत होता. "गादी घसरत असेल. खाली रबराची शीट टाक. आणि तू झोपतेस ना नीट?" तो म्हणाला. हा प्रश्न तो गेली तीन वर्षं, प्रत्येक काळजीच्या शेवटी विचारत असे.

गुरुवारी तिनं रबराची शीट आपल्या मोठ्या पलंगावर टाकली, आणि तेवढ्यावर न थांबता किमयाला त्यावर घेऊन, तिच्यावर हात टाकून आडवी झाली. डोळा लागला असेल दहा मिनिटं. जाग आली तेव्हा हात चादरीवर होता. किमया फरशीवर होती, पलंगापासून दोन हात लांब, दाराच्या दिशेला पाय करून. झोपलेली. रबराची शीट तिच्याखाली आली होती.

त्यानंतर प्रणितानं फार विचार केला नाही. वरच्या कपाटातून सुरी काढली, फडक्यात गुंडाळली, छोट्या पलंगाच्या फळीला खालून टेपनं पक्की बसवली. पोरीचा हात पोचतो का ते स्वतः जमिनीवर आडवं पडून तीनदा तपासलं.

शुक्रवारी किमया उशीवरून इंचभरही हलली नाही.

सुटकेचा श्वास टाकून प्रणितानं सुरी काढली आणि कागदावर ओढली. कागद फाटला, कापला गेला नाही.

तिनं सासूबाईंना फोन लावला. सगळं सांगितलं नाही, सुरीचं तेवढं सांगितलं. पलीकडं टीव्हीवरची मालिका बंद झाली.

"तू काढलीस?"

"हो. म्हणजे, एक दिवस क्लासला नेली होती. परत ठेवली."

"अगं, मी म्हटलं होतं ना, मी आले की काढीन. जिनं ठेवली तिनंच काढायची असते."

"आई, पण तुम्ही तीन वर्षांत आठवणसुद्धा केली नाहीत."

"मला वाटलं, तू शिकलेली. कधीच टाकून दिली असशील." मग आवाज खाली आला. "दुसऱ्यानं मध्येच काढली, तर राखण सुटली असं होतं."

"कसली राखण? कुणापासून?"

"ते कुणी विचारत नाही गं. सासूनं मला सांगितलं, तिला तिच्या सासूनं. पोर कशी आहे?"

"बरी आहे."

"मी येते," मीनाक्षीताई म्हणाल्या. पासपोर्ट संपलेला होता, तो नवा करायचा होता. तिकीट मिळालं ते तीन आठवड्यांनंतरच्या रविवारचं.

म्हणजे तीन आठवडे. तेवढं निभवायचं. प्रणितानं एक वही घेतली. हमादांकडची मार्करची युक्ती तिला आठवली: रोज दुपारी किमया झोपायच्या आधी धारेवर निळी शाई लावायची, फडकं गुंडाळायचं, सुरी जागेवर बसवायची. साडेतीनला काढून बघायची. पहिल्या दिवशी शाई टोकापाशी दोन बोटं गेलेली होती. दुसऱ्या दिवशी अडीच. नेहमी एकाच बाजूची. फडक्याला शाईचा डाग नाही, कापड शाबूत. मग दगड भिजवायचा आणि पुन्हा धार लावायची. एकदा तिनं न लावता तशीच बोथट सुरी ठेवून बघितली; तपासायचं तर नीट तपासावं म्हणून. त्या दुपारी किमया पलंगाच्या मध्यावर मिळाली, घोट्याला रेघ होती. हा प्रयोग तिनं पुन्हा केला नाही. पोरीला दुपारी जागं ठेवायचाही प्रयत्न करून पाहिला. पावणेदोनला किमया जेवणाच्या खुर्चीत बसल्याबसल्या झोपली आणि खुर्ची फरशीवर करकरत सरकू लागली. रात्री मात्र काही होत नसे. का, ते तिला कळलं नाही.

दुसऱ्या आठवड्यात ती किमया शाळेत असताना हौगांगला गेली, नवा दगड घ्यायला. सुरीही नेली. हमादांनी पट्टी लावून पात्याची रुंदी मोजली.

"क्लासच्या दिवशी मोजलं तेव्हा एकतीस मिलिमीटर होतं. आज बावीस. हॉटेलातली सुरी एवढी झिजायला काही वर्षं लागतात."

"रोज धार लावावी लागते."

"रोज धार लावली की पोलाद रोज संपतं. ते परत येत नाही." त्यांनी सुरी फडक्यात गुंडाळून तिच्या हातात दिली. "कुठं ठेवता ही?"

ती म्हणाली, "मुलीच्या पलंगाखाली. आमच्याकडं ठेवतात."

तिला वाटलं ते हसतील. ते हसले नाहीत. "आमच्याकडंही ठेवतात," ते म्हणाले. "माझ्या आईच्या छातीवर ठेवली होती. पण ती गेल्यावर."

"कशासाठी?"

"वाटेत काही येऊ नये म्हणून." त्यांनी दगड कागदात बांधला. "किती दिवस पुरायला हवी तुम्हाला?"

"अकरा."

त्यांनी पुन्हा पातं पाहिलं, ओठ हलवून हिशोब केला. "घासताना फक्त टोक घासा. मागचा भाग सोडा. मग पुरेल."

शेवटच्या आठवड्यात एकदा ती खोलीत बसली. दार बंद, पडदा अर्धा, पंखा दोनवर. एलआरटीची, छोट्या मेट्रोची गाडी दर चार मिनिटांनी खालून जात होती, तेवढाच आवाज. किमया झोपली. प्रणिता भिंतीशी टेकून जमिनीवर बसली, पलंगाच्या खालची मोकळी जागा दिसेल अशी. तिथं काही नव्हतं. एक खडू, एक केसांची पिन.

दोन वाजून पाच मिनिटांनी किमयाचा डावा पाय चादरीखाली ताठ झाला. बोटं पुढं ताणली गेली.

पलंगाखाली बारीक आवाज झाला. टक्‌. गच्च बांधलेल्या पार्सलचा दोरा कापताना येतो तसा.

पाय सैल पडला.

प्रणिता हलली नाही. दोन मिनिटांनी पाय पुन्हा ताणला. टक्‌. मग पुन्हा. घाई नव्हती, राग नव्हता. पलीकडचं जे होतं ते कंटाळत नव्हतं, एवढंच तिच्या लक्षात आलं. साडेतीनपर्यंत तिनं छत्तीस मोजले आणि वहीत लिहिले. नंतर सिंकपाशी उभं राहून धार लावताना तिला जाणवलं की आपण दगडावरच्या आवाजाबरोबर आकडे पुटपुटतोय.

"ताई, तुमी बारीक झालात," खालच्या मजल्यावरची संजीवनी लिफ्टमध्ये म्हणाली. "डाएट का?"

"हो," प्रणिता म्हणाली.

शनिवारी टोकाच्या बाजूला पातं अकरा मिलिमीटर उरलं होतं, आत गेलेलं, चंद्रकोरीसारखं. सासूबाईंचं विमान रविवारी सकाळी सातला चांगी विमानतळावर उतरणार होतं. एकच दुपार. प्रणितानं सकाळी जास्तीचा वेळ घेऊन धार लावली, शाई लावली, सुरी बसवली. आज ती खोलीत बसली नाही. पाहुण्यांची गादी घालायची होती, खच्चून भरलेलं कपाट रिकामं करायचं होतं, आणि खरं म्हणजे ते आवाज तिला पुन्हा मोजायचे नव्हते.

सव्वातीनला ती दारातून डोकावली. किमया जागेवर होती. डोकं उशीवर, डोळे मिटलेले, चादर छातीपर्यंत. प्रणितानं वाकून अलगद टेप काढली आणि सुरी स्वयंपाकघरात खिडकीशी नेली.

शाई गेली नव्हती.

तिनं चष्मा पुसून पुन्हा पाहिलं. टोकापासून मुठीपर्यंत निळी रेघ अखंड होती. एक खाच नाही. वर्तमानपत्राचा कागद धरला. पातं त्यातून पाण्यातून जावं तसं गेलं.

ती ओट्याला पाठ टेकून खाली बसली आणि तोंडावर हात ठेवून हसली. तेवीस दिवसांत पहिल्यांदा. धवलला मेसेज केला, "आज काहीच झालं नाही. शाई तशीच आहे." त्याचं उत्तर लगेच आलं, "सांगत होतो ना. आता झोप." तिनं सुरी धुतली, पुसली, तेलाचं बोट फिरवलं. दहाएक मिनिटं गेली असतील.

मग ती किमयाला उठवायला गेली.

किमया उठून बसली होती. उशीच्या मागं, पाठ लाकडाला घट्ट लावून, टाचा गादीत रोवून. केस घामानं कपाळाला चिकटले होते. दोन्ही मुठी एकापुढं एक, पोटाशी धरलेल्या. शाळेत मुलांना रस्सीखेच खेळताना धरायला शिकवतात तशा.

"उठलीस, पिल्लू?"

"मम्मा, वेट." ती धापा टाकत होती. हाताखालून हात घेत तिनं आणखी एक हिसका दिला. मग हसली. "फिनिश ऑलरेडी."

"काय फिनिश?"

"एव्हरी डे शी पुल मी. टुडे माय टर्न."

प्रणितानं तिच्या मुठी उघडल्या. हातात काही नव्हतं. दोन्ही तळव्यांवर आडवी, बारीक, लाल रेघ होती.

चादरीच्या सुरकुत्या पायथ्याकडून उशीकडं आल्या होत्या.

"जड नव्हतं?" तिनं विचारलं. दुसरं काय विचारावं ते तिला सुचलं नाही.

"नो लाह. शी नॉट हेवी वन."

प्रणितानं पोरीला उचलून कडेवर घेतलं. गादी फोमची होती. वजन निघालं की खळगा हळूहळू भरून येई. किमया बसली होती तिथला खळगा वर आला, गादी सपाट झाली. त्याच्या शेजारी, भिंतीच्या बाजूला, दुसरा खळगा होता, किमयाच्या एवढाच. प्रणिता उभी राहून तो वर यायची वाट बघत राहिली.